पालापर्यंत पोचलेला कॅमेरा

वऱ्हाडात भटक्यांच्या मुक्कामाला जमातीगणिक वेगळे नाव आहे. बंजाऱ्यांचा तांडा, फासेपारध्यांचा बेडा, आणि नाथजोगी, वैदू, घिसाडी, बहुरूपी अशा बाकीच्यांची पाले. पूर्णेच्या खारपाणपट्ट्यातले दर्यापूर या सगळ्यांच्या वाटेवर होते. चंद्रभागेकाठचे दर्यापूर आणि त्याला लागून असलेले बनोसा मिळून कापसाची बाजारपेठ उभी राहिली. मूर्तिजापूरहून अचलपूरला जाणारी 'शकुंतला' ही नॅरोगेज गाडी इथूनच जाई. खारपाणपट्ट्यात विहिरीचे पाणी ना पिण्याला धड, ना ओलिताला. त्यामुळे शेती पावसावरची. सुगी झाली की घरोघर दाणा येई आणि त्याच हिशेबाने भटकी बिऱ्हाडे गावाबाहेर उतरत. या बिऱ्हाडांची कागदावरची नोंद गेल्या दीडशे वर्षांची आहे आणि चित्रातली नोंद जवळपास तेवढीच जुनी. दोन्ही नोंदी दीर्घकाळ बाहेरच्यांनी केल्या: आधी पोलिसांनी आणि खानेसुमारीवाल्यांनी, मग छायाचित्रकारांनी, शेवटी सिनेमावाल्यांनी. महाराष्ट्रात पालातल्या माणसाच्या हाती लेखणी आधी आली आणि कॅमेरा त्यानंतर सुमारे तीस वर्षांनी. मराठीतला भटक्यांविषयीचा माहितीपट जसा घडला तसा घडण्याचे बरेचसे कारण या क्रमात आहे.

या लोकांचे गावाशी नाते कामाचे होते. टाकणकारांचे उदाहरण वऱ्हाडातले खास. दळून दळून जात्याचे दगड गुळगुळीत झाले की दाणा नुसता सरकतो, पीठ भरड पडते. मग टाकणकार वरची तळी उचलून उलटी ठेवी आणि टाकी-हातोडीने दोन्ही दगडांच्या तोंडावर बारीक खाचा पाडून देई. खाचा फार खोल गेल्या तर पिठात कच येई, उथळ राहिल्या तर आठ दिवसांत पुन्हा तेच. हाताचा अंदाज हेच भांडवल. मोबदला धान्यात. पिठाची गिरणी आली आणि हे काम संपले. महाराष्ट्राच्या अनुसूचित जमातींच्या यादीत टाकणकार, फासेपारधी, चिता पारधी, शिकारी ही सगळी नावे 'पारधी' या एकाच नोंदीखाली आहेत. फासेपारधी हरणाला, तितरा-लाव्यांना फासे लावीत; पिकाची नासाडी करणारे जनावर कमी होत असल्याने शेतकरीही ते चालवून घेई. १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने ते काम गुन्ह्यात जमा झाले. अस्वले आणि माकडे खेळवणाऱ्यांचा धंदा केंद्र सरकारच्या १९९८च्या अधिसूचनेने बंद झाला, आणि दारोदार मागून खाणाऱ्यांवर १९५९पासून मुंबईचा भिक्षा प्रतिबंधक कायदा होताच. बंजाऱ्यांचे काम तर त्याच्या शंभर वर्षे आधी गेले. बैलांच्या पाठीवर मीठ-धान्य लादून दख्खनभर फिरणाऱ्या तांड्यांना रेल्वेने उखडले. १८६७ मध्ये ग्रेट इंडियन पेनिन्शुलाचे रूळ वऱ्हाड ओलांडून नागपूरला पोचले आणि लदेणीचा व्यापार त्यानंतर फार दिवस टिकला नाही. तांडे हळूहळू शेतीवर आणि मजुरीवर आले. त्याच समाजातले, पुसदजवळच्या गहुलीचे वसंतराव नाईक १९६३ ते १९७५ एवढा काळ राज्याचे मुख्यमंत्री होते, ही वऱ्हाडच्या इतिहासातली वेगळीच गोष्ट. माहितीपट मात्र बहुधा धंदा मेल्यावर पोचतो. ज्या कौशल्यावर पोट चालत होते ते तेव्हा त्याला 'कला' म्हणून दिसते आणि पोटाचा प्रश्न चौकटीबाहेर राहतो.

नोंदीची सुरुवात पोलीस ठाण्यातून झाली. वणी जिल्ह्याचा, म्हणजे आजच्या यवतमाळ भागाचा, पोलीस अधीक्षक एन. आर. कंबरलेज याने १८८२ मध्ये बंजाऱ्यांवर एक पुस्तिका छापली. चालीरीती, कुळे, लग्ने, देवदेवता हे सारे तिच्यात आहे; पण हा तपशील गोळा करणाऱ्याचे काम तांड्यांवर नजर ठेवण्याचे होते, हे विसरून ती वाचता येत नाही. आर. व्ही. रसेल आणि रायबहादूर हिरालाल यांनी मध्य प्रांतातल्या जाती-जमातींचे चार खंड १९१६ मध्ये काढले तेव्हा बंजाऱ्यांच्या प्रकरणात कंबरलेजचा भरपूर आधार घेतला. या खंडांत छायाचित्रेही आहेत. डोक्यावर लाकडी शिंग उभे करून त्यावरून ओढणी घेतलेली बंजारा बाई त्यांपैकी एका चित्रात दिसते. चित्राखाली जमातीचे नाव आहे आणि शिंगाचाही उल्लेख आहे. बाईचे नाव नाही.

त्याआधी १८७१ मध्ये गुन्हेगार जमाती कायदा उत्तर हिंदुस्थानात लागू झाला होता. १९११ मध्ये त्याची व्याप्ती साऱ्या ब्रिटिश हिंदुस्थानात नेण्यात आली आणि १९२४ मध्ये तो नव्याने बांधण्यात आला. जमात एकदा जाहीर झाली की तिच्या माणसांची नावे रजिस्टरात, बोटांचे ठसे कागदावर, ठरल्या वेळी हजेरी आणि गाव सोडायचे तर परवाना. जन्म हाच पुरावा. मराठी सुशिक्षितांनाही यात फारसे वावगे वाटत नव्हते. त्रिंबक नारायण आत्रे यांचे 'गुन्हेगार जाती' हे पुस्तक १९११चे आणि 'गावगाडा' १९१५चे. 'गावगाड्या'त फिरस्त्यांचे जे बारीक वर्णन आहे तसे मराठीत आधी कुणी केले नव्हते. कोण कधी येतो, काय मागतो, काय सोंग आणतो, सगळे. पण आत्रे महसूल खात्यात नोकरी केलेले गृहस्थ. त्यांच्या हिशेबात फिरस्ता म्हणजे कुणब्याच्या खळ्यावरचे ओझे. फिरस्त्याच्या बाजूने तोच हिशेब मांडला गेला असता तर कसा दिसला असता, हे कळायला मराठीला आणखी पासष्ट वर्षे लागली.

हलत्या चित्राची कथा याच सुमाराची. ७ जुलै १८९६ला मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या चित्रांचा खेळ झाला. तो पाहणाऱ्यांत छायाचित्रांचा व्यवसाय करणारे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावे दादा, होते. त्यांनी विलायतेहून कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये दोन फिती घेतल्या. एक हँगिंग गार्डनवरच्या कुस्तीची, दुसरी माकडांना खेळ शिकवणाऱ्या माणसाची. हिंदुस्थानी माणसाने घेतलेले हे पहिले वास्तवचित्रण, आणि त्यातली निम्मी कामगिरी रस्त्यावर खेळ करून पोट भरणाऱ्या एका माणसाची. कुस्तीतल्या जोडीची नावे सिनेमाच्या इतिहासांत उतरली आहेत: पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी. माकडवाल्याचे नाव कुणी लिहून ठेवले नाही.

चित्रे दाखवून कथा सांगणे हा धंदा मुळात भटक्यांचाच होता. चित्रकथी ही महाराष्ट्राच्या भटक्या जमातींच्या यादीतली एक जमात. कोकणात पिंगुळीचे ठाकर कागदावरची चित्रे एकामागून एक समोर धरीत आणि वाद्याच्या साथीवर रामायण-महाभारतातली आख्याने गात. मणी कौल यांनी १९७७ मध्ये 'चित्रकथी' नावाचा लघुपट केला तो या परंपरेवर. सिनेमा स्वतः खेडोपाडी गेला तोही भटक्यासारखाच: तंबू, प्रोजेक्टर आणि फिल्मचे डबे ट्रकवर लादून, एका जत्रेतून दुसऱ्या जत्रेत. अमरावती जिल्ह्यात बहिरमची यात्रा डिसेंबरात सुरू होऊन महिनाभराहून अधिक चालते. तमाशाचे फड, खेळणीवाले, हंडीतले मटण आणि दुकानांच्या रांगा हे तिचे जुने रूप. अशा जत्रांत डोंबाऱ्याची दोरी आणि सिनेमाचा तंबू दोघांचे गिऱ्हाईक एकच असे. शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांचा 'द सिनेमा ट्रॅव्हलर्स' हा माहितीपट महाराष्ट्रातल्या या फिरत्या टॉकीजवर आहे. २०१६ मध्ये तो कान महोत्सवात दाखवला गेला आणि तिथे त्याचा विशेष उल्लेख झाला. जुनी प्रोजेक्टरे भंगारात जाऊन डिजिटल यंत्रे येत असतानाचा काळ त्यात पकडला आहे.

भटक्यांचे चित्रण आणि त्यामागचा अधिकार हा प्रश्न एकट्या हिंदुस्थानचा नाही. युरोपातल्या रोमा लोकांचे पूर्वज उत्तर हिंदुस्थानातून सुमारे हजार वर्षांपूर्वी किंवा त्याही आधी बाहेर पडले, हे त्यांच्या भाषेवरून अठराव्या शतकाच्या अखेरीपासून सिद्ध होत आले. मराठी वाचकाला या अभ्यासातले एक नाव ओळखीचे असायला हवे. मराठीच्या घडणीचा पहिला शास्त्रीय इतिहास लिहिणारे फ्रेंच पंडित झ्यूल ब्लॉक यांचे रोमांवरचे छोटे पुस्तक १९५३चे, म्हणजे त्यांच्या मृत्यूच्या वर्षातले. बंजारे आणि रोमा हे एकच, असे महाराष्ट्रात सभांतून सर्रास सांगितले जाते. दोघांच्या फिरस्तीत आणि पेहरावात साम्य जरूर दिसते, पण बंजाऱ्यांची गोरबोली राजस्थानीच्या गोतावळ्यातली आहे आणि रोमानी फार आधी फुटून निघालेली. सरळ नाते दाखवणारा पुरावा नाही. खरे साम्य आहे ते सरकारदरबारी मिळालेल्या वागणुकीत.

त्या वागणुकीचे सर्वांत भयंकर चित्र नेदरलँड्समधल्या वेस्टरबोर्क छावणीतले. १९ मे १९४४ रोजी तिथून आउश्वित्सला निघालेल्या गाडीचे चित्रण रूडॉल्फ ब्रेसलाउअर या ज्यू कैद्याने केले, तेही छावणीच्या कमांडंटच्या हुकमावरून. डब्याचे दार बंद होण्याआधी डोक्याला फडके बांधलेली एक मुलगी फटीतून बाहेर पाहते. काही सेकंदांचे दृश्य. पुढे पन्नास वर्षे ते ज्यूंच्या संहाराचे प्रतीक म्हणून जगभर दाखवले गेले आणि ती मुलगी ज्यू आहे असे सगळे धरून चालले. आड वागेनार या डच पत्रकाराने १९९४ मध्ये शोध लावला की ती सेटेला स्टाइनबाख, रोमांच्याच सिंती शाखेतली, नऊ वर्षांची. चेहरा साऱ्या जगाला माहीत होता. तो कुणाचा, हे विचारायला अर्धे शतक गेले. सिंती समाजातल्याच मेलानी स्पिटा यांनी काट्रिन झायबोल्ड यांच्यासोबत १९८७ मध्ये 'दास फाल्शे वोर्ट' हा माहितीपट केला. वंशशास्त्राच्या नावाखाली नाझींनी जी कागदपत्रे आणि छायाचित्रे जमवली तीच त्यांनी साक्षीला काढली. रजिस्टर लिहिणाऱ्याचेच रजिस्टर त्याच्याविरुद्ध उघडायचे, ही रीत महाराष्ट्रातल्या माहितीपटांनी घेण्यासारखी आहे. मालमसाला ठाण्यांच्या दप्तरात कमी नसावा. रोमांची पहिली जागतिक परिषद ८ एप्रिल १९७१ला लंडनजवळ भरली. चंडीगढचे भाषातज्ज्ञ आणि माजी मुत्सद्दी डब्ल्यू. आर. ऋषी यांचा तिच्याशी जवळचा संबंध होता. रोमांच्या निळ्या-हिरव्या ध्वजावर चाक तेव्हापासून आहे. टोनी गातलिफ यांचा 'लाचो द्रोम' १९९३चा. त्यात निवेदन नाही, मुलाखत नाही. राजस्थानच्या वाळवंटात सुरू होऊन गाणे देशामागून देश ओलांडत स्पेनपर्यंत जाते. फार सुंदर चित्रपट, पण भटकेपणाचे दुःखही गाण्यात विरघळून सुखद होते, हा त्याचा धोका. महाराष्ट्रात पुढे जे घडले ते या वाटेने गेले नाही, हे बरे झाले.

स्वातंत्र्यानंतर ३१ ऑगस्ट १९५२ला गुन्हेगार जमाती कायदा रद्द झाला. जाहीर केलेल्या जमाती त्या दिवशी 'विमुक्त' झाल्या. महाराष्ट्रात हा दिवस अजून पाळला जातो. सुटका पुरती नव्हतीच. १९५९ मध्ये मुंबई राज्याने सराईत गुन्हेगारांसाठी वेगळा कायदा केला आणि ठाण्यातली जुनी सवय त्या आडोशाला शाबूत राहिली. चोरी झाली की आधी बेड्यावर जायचे, हा शिरस्ता कुठल्याही कायद्यापेक्षा चिवट निघाला. सरकारी माहितीपटांचा जमाना हाच. फिल्म्स डिव्हिजन १९४८ मध्ये मुंबईत सुरू झाले आणि प्रत्येक थिएटरला मुख्य चित्रपटाआधी त्यांची फीत दाखवणे परवान्याच्या अटीनेच भाग पडले. त्यामुळे तालुक्याच्या गावातल्या प्रेक्षकानेही धरणे, पंचवार्षिक योजना, कुटुंबनियोजन आणि लोकनृत्ये पडद्यावर पाहिली, बहुधा शेंगदाणे खात. भटके आले तर नृत्यात आणि पेहरावात आले. अंदमानातल्या आदिवासींवर 'मॅन इन सर्च ऑफ मॅन' हा माहितीपट १९७४ मध्ये करणारे प्रेम वैद्य हे याच संस्थेतले मराठी दिग्दर्शक. त्यांची चिकाटी मोठी. तरी दृष्टी शोधकाचीच, आणि नावातला 'मॅन' दोनदा येतो तेव्हा पहिला कोण आणि दुसरा कोण, हे प्रेक्षकाला न सांगता कळते.

धनगरांच्या बाबतीत निराळे काम एका जर्मन विद्वानाने केले. हायडेलबर्गचे ग्युंथर सोंथायमर वर्षानुवर्षे महाराष्ट्रात येत राहिले. बिरोबा, म्हस्कोबा आणि खंडोबा यांच्यावरचा त्यांचा जर्मन ग्रंथ १९७६चा. मेंढ्यांमागे फिरून धनगरांच्या ओव्या त्यांनी ध्वनिमुद्रित केल्या आणि नंतर कॅमेराही हाताशी घेतला. हेनिंग श्टेगम्युलर यांच्याबरोबर केलेला पंढरीच्या वारीवरचा माहितीपट १९८०च्या दशकाच्या अखेरचा. सोंथायमर १९९२ मध्ये वारले. परका असूनही त्यांचे चित्रण परके वाटत नाही याचे कारण साधे आहे: कॅमेरा काढायच्या आधी ते कित्येक वर्षे नुसते ऐकत होते, आणि तेही मराठीत.

वऱ्हाडचा सर्वांत मोठा फिरस्ता मात्र कुठल्याच जमातींच्या यादीत नव्हता. गाडगेबाबांचा जन्म २३ फेब्रुवारी १८७६चा, दर्यापूरशेजारच्या अंजनगाव सुर्जी तालुक्यातल्या शेणगावचा, परीट घरातला. बालपण मूर्तिजापूर तालुक्यातल्या दापुऱ्याला मामाकडे गेले. घर सोडल्यावर फुटके खापर, चिंध्यांची गोधडी आणि खराटा एवढ्या सामानावर पन्नास वर्षे ते हिंडले. गावात शिरल्यावर अनोळखी भटका म्हणून हाकलले जाण्याचा अनुभव त्यांना नवा नव्हता. ८ नोव्हेंबर १९५६ला मुंबईत वांद्र्याला झालेल्या त्यांच्या अखेरच्या कीर्तनाचे ध्वनिमुद्रण झाले, म्हणून समोरच्या माणसांना प्रश्न विचारत, त्यांच्याच तोंडून उत्तर काढत पुढे जाण्याची त्यांची लकब आजही कानांनी ऐकता येते. त्यानंतर दीड महिन्यात, २० डिसेंबरला, अमरावतीच्या वाटेवर वलगावजवळ पेढी नदीच्या परिसरात ते गेले. राजदत्त यांनी १९७७ मध्ये 'देवकीनंदन गोपाला' काढला, त्यात श्रीराम लागूंनी बाबा उभे केले. पुढे नीलेश जळमकर यांनी बाबांवर 'डेबू' आणि वसंतराव नाईकांवर 'महानायक वसंत तू' असे दोन चरित्रपट केले. म्हणजे भटक्यांतून किंवा भटक्यासारखा वाढलेला माणूस मोठा झाला की वऱ्हाडातून पडद्यावर गेला आहे. बेड्यावर राहिलेला माणूस पडद्यावर यायला दुसरी वाट लागली, आणि ती पुस्तकातून गेली.

दया पवारांचे 'बलुतं' १९७८ला आले आणि दलित आत्मकथनांचा ओघ सुरू झाला. १९८० मध्ये लक्ष्मण माने यांचे 'उपरा' प्रसिद्ध झाले. कैकाड्याचे घर गाढवाच्या पाठीवर असते म्हणजे काय, हे गाढवामागून चालणाऱ्या मुलाने प्रथमच सांगितले. दादासाहेब मोरे यांचे 'गबाळ', लक्ष्मण गायकवाड यांचे १९८७चे 'उचल्या', १९९४चे किशोर शांताबाई काळे यांचे 'कोल्हाट्याचं पोर' ही पुस्तके त्यामागून आली. 'उपरा' आणि 'उचल्या' दोन्हींना साहित्य अकादमीचे पुरस्कार मिळाले. आत्र्यांच्या यादीतले फिरस्ते आता स्वतः बोलत होते, आणि गावाने त्यांना काय दिले याचा जमाखर्च कुणब्याच्या खळ्यापेक्षा पुष्कळच वेगळा निघत होता. या पुस्तकांनी माहितीपटाचे काम आधीच निम्मे करून ठेवले. पालातली भाषा, पोलिसांची धाड, जातपंचायतीचा दंड, शाळेच्या दारातला पहिला दिवस: कॅमेऱ्याने काय पाहायचे याची यादी मराठीत १९९०पर्यंत तयार होती.

त्याच सुमारास मुंबई-पुण्यात माहितीपट सरकारी साच्यातून सुटू लागला होता. आनंद पटवर्धन यांचा 'बॉम्बे : अवर सिटी' १९८५चा, झोपडपट्ट्या पाडण्याच्या मोहिमेवरचा. त्यात एक बाई दिग्दर्शकालाच धारेवर धरते: गरिबांचे फोटो काढून तू नाव कमावणार, आम्हाला त्याचे काय? पटवर्धनांनी तो भाग कापला नाही. माहितीपट शिकणाऱ्याला तेवढी काही मिनिटे दाखवली तरी बरेच काम भागते. याच चित्रपटात गाणारे शाहीर विलास घोगरे यांनी जुलै १९९७ मध्ये मुंबईच्या रमाबाई नगरातल्या पोलीस गोळीबारानंतर काही दिवसांत आत्महत्या केली. त्या गोळीबारात दहा माणसे मेली होती. पटवर्धनांचा 'जय भीम कॉम्रेड' हा माहितीपट तिथून सुरू झाला आणि पुरा व्हायला चौदा वर्षे लागली. पुण्यात सुमित्रा भावे यांनी वस्तीतल्या बायकांच्या मुलाखती घेताघेता 'बाई' हा छोटा चित्रपट १९८५ला केला. कोल्हाटी आणि तत्सम समाजांतल्या लावणी कलावंतिणींवर सावित्री मेधातुल यांचा 'नटले तुमच्यासाठी' आणि पुण्याच्या सफाई कामगारांवर अतुल पेठे यांचा 'कचराकोंडी' हे नंतरचे.

विमुक्तांच्या हाती कॅमेरा पहिल्यांदा ठामपणे आला तो महाराष्ट्राच्या सीमेपलीकडे. फेब्रुवारी १९९८ मध्ये पश्चिम बंगालच्या पुरुलियात बुधन सबर हा तरुण पोलीस कोठडीत मारला गेला. महाश्वेता देवी, गणेश देवी आणि 'उचल्या'कार लक्ष्मण गायकवाड यांनी त्यानंतर विमुक्त-भटक्यांच्या हक्कांसाठी देशव्यापी मंच उभा केला, आणि अहमदाबादच्या छारानगरात त्याच वर्षी बुधन थिएटर सुरू झाले. छारा म्हणजे महाराष्ट्रातल्या कंजारभाटांचे भाऊबंद. पी. केरीम फ्रीडमन आणि शाश्वती तालुकदार यांचा 'ॲक्टिंग लाइक अ थीफ' हा २००५चा लघुपट आणि 'प्लीज डोंट बीट मी, सर!' हा २०११चा मोठा माहितीपट, दोन्ही या नाटकवाल्यांवर. त्यांच्यातलेच दक्षिण बजरंगे नाटकाबरोबर स्वतः माहितीपट करू लागले. चोराचा अभिनय करायला आम्हाला शिकावे लागत नाही, लोक आम्हाला तेच समजतात, या जळजळीत विनोदावर छारानगरचे सारे नाट्य उभे आहे.

महाराष्ट्रात हा टप्पा आला तो कथापटातून. करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे, वडार समाजातले नागराज मंजुळे आधी कवी होते. त्यांचा 'पिस्तुल्या' हा लघुपट शाळेची ओढ लागलेल्या भटक्या मुलाचा. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. २०१३चा 'फँड्री' गावातल्या एकुलत्या कैकाडी घरावर आहे. डुकरे धरायचे काम सगळे गाव बघायला जमलेले, मधेच शाळेतून राष्ट्रगीत ऐकू येते आणि हातचे डुक्कर सोडून ते कुटुंब ताठ उभे राहते. नंतर त्याच डुकराला काठीला बांधून नेताना मागच्या भिंतीवर थोर पुरुषांची चित्रे सरकत जातात. अखेर त्या घरातला मुलगा जब्या चिडून दगड भिरकावतो आणि तो सरळ कॅमेऱ्याच्या, म्हणजे पाहणाऱ्याच्या अंगावर येतो. पन्नास वर्षांच्या अनुबोधपटांत पालातल्या माणसाने कॅमेऱ्याकडे असे पाहिले नव्हते. 'फँड्री' माहितीपट नाही, पण त्यानंतर मराठीत भटक्यांवर साधा, सहानुभूतीचा माहितीपट करणे अवघड झाले. आत्मकथने वाचलेला आणि स्वतः त्या आवारात वाढलेला माणूस कॅमेऱ्यामागे उभा राहिला की काय होते, हे एकदा सगळ्यांनी पाहिले होते.

बेड्यावर चित्रण करू पाहणाऱ्याला अविश्वास भेटतो, तो अकारण नाही. तीन पिढ्या फोटो आणि ठसा यांचा संबंध ठाण्याशीच होता. बाळकृष्ण रेणके यांच्या अध्यक्षतेखालच्या राष्ट्रीय आयोगाचा अहवाल २००८चा. देशभरातल्या विमुक्त-भटक्यांपैकी फार मोठ्या संख्येकडे घर, जमीन, जातीचा दाखला किंवा रेशनकार्ड नाही, असे त्याने मांडले. जन्माची नोंदच नसलेल्या माणसाचे चित्रण चुकीच्या हाती पडले तर तेच त्याचे ओळखपत्र होऊन बसते. मोबाइलने हा धोका वाढवला. २०१८ मध्ये मुले पळवणाऱ्या टोळीच्या चित्रफिती व्हॉट्सॲपवर फिरू लागल्या. त्यांतली एक कराचीतल्या संस्थेने बालसुरक्षेसाठी केलेल्या जनजागृतीपटाची शेपटी कापून तयार झाली होती. १ जुलै २०१८ला धुळे जिल्ह्यात साक्री तालुक्यातल्या राईनपाड्याच्या बाजारात नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पाच जण जमावाने ठेचून मारले. भिक्षेसाठी फिरणारी, बहुतेक सोलापूर जिल्ह्यातली माणसे होती ती. मारहाणीचेही चित्रण झाले.

कॅमेऱ्याचा दुसरा उपयोगही वऱ्हाडाने पाहिला. अमरावती जिल्ह्यात नांदगाव खंडेश्वर तालुक्यातल्या मंगरूळ चव्हाळ्याला मतीन भोसले यांनी २०१२ मध्ये फासेपारध्यांच्या मुलांसाठी 'प्रश्नचिन्ह' नावाची निवासी आश्रमशाळा काढली. भोसले स्वतः त्याच समाजातले. सिग्नलवर, स्टेशनवर भीक मागणारी मुले गोळा करून त्यांनी शाळेत आणली. जून २०१९ मध्ये नागपूर-मुंबई समृद्धी महामार्गासाठी शाळेचा काही भाग पाडण्यात आला. पी. साईनाथ यांनी डिसेंबर २०१४ मध्ये सुरू केलेल्या 'पारी' या ग्रामीण भारताच्या संग्रहाने ही हकीकत छायाचित्रांसह नोंदवली. 'पारी'वर छायाचित्राखाली जमातीच्या जोडीने माणसाचे नाव, गाव आणि काम दिले जाते, आणि मजकूर मराठीसह अनेक भारतीय भाषांत वाचता येतो. जात्यावरच्या लाखभर ओव्यांचा संग्रह, जो गी पॉइटविन आणि हेमा राईरकर यांनी पुण्यात जमवायला घेतला होता, तोही आता तिथे आहे आणि ओव्या गाणाऱ्या बाया त्यातल्या चित्रफितींत आपापल्या नावाने दिसतात.